साठच्या दशकातले अमेरिकेतले 'भूमिगत' पेपर छापून कोण द्यायचं?

मृण्मयी_नाशिक

नमस्कार मंडळी. मी पत्रकारितेच्या एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. शेवटच्या सत्राच्या प्रकल्पासाठी अमेरिकेतली १९६४ ते १९७३ या काळातली 'अंडरग्राउंड' वृत्तपत्रं घेतली आहेत. व्हिएतनाम युद्धाला विरोध, कृष्णवर्णीयांचा लढा, हिप्पी, विद्यापीठांतली आंदोलनं, या सगळ्यांतून निघालेले पेपर. लॉस एंजेलिसचा 'फ्री प्रेस', बर्कलीचा 'बार्ब', न्यूयॉर्कचा 'ईस्ट व्हिलेज अदर', ऑस्टिनचा 'रॅग'. संपादकांबद्दल भरपूर वाचायला मिळतं. 'फ्री प्रेस'चा आर्ट कुनकिन कोण होता, 'बार्ब'च्या मॅक्स शेरचा आधी बार होता, सगळं सापडतं.

मी अडले आहे ती साध्या गोष्टीत. कुनकिननं मे १९६४ मध्ये एका जत्रेत आठ पानांचा पहिला अंक काढला. खिशात जवळजवळ काही नव्हतं. मग छापला कसा? सर म्हणतात, "ऑफसेटमुळे शक्य झालं असं लिही आणि पुढे जा." मला ते वाक्यच कळत नाही. ऑफसेट त्याआधी नव्हतं का? त्यानं नेमकं काय बदललं?

आणि दुसरं. 'भूमिगत' म्हणजे हे लोक लपून छापायचे का? आजोबांकडून आणीबाणीतल्या पत्रकांबद्दल ऐकलंय, रात्री छापायची, पहाटे दारात सरकवायची. तसंच तिकडेही होतं का? कोणाला माहिती असेल तर सांगा, प्लीज.

ग्रंथपाल_डेट्रॉइट

मृण्मयी, मी डेट्रॉइटजवळच्या ग्रंथालयात बावीस वर्षं काम करते आहे. तुझ्या दुसऱ्या प्रश्नाचं आधी सांगते.

नाही, लपून नव्हतं. इथला 'फिफ्थ इस्टेट' नोव्हेंबर १९६५ मध्ये हार्वी ओव्हशिन्स्की नावाच्या सतरा वर्षांच्या मुलानं काढला आणि तो आजही निघतो. त्याच्या जुन्या अंकांवर पत्ता आहे, फोन नंबर आहे. हे पेपर चौकाचौकांत उभं राहून विकले जायचे. विकणारी पोरं कार्यालयातून गठ्ठा उचलायची, विकलेल्या प्रतीमागे साधारण निम्मे पैसे त्यांचे. कितीतरी जणांचं भाडं त्यावर निघायचं. 'भूमिगत' हा शब्द त्यांनी मानानं लावून घेतला होता, मोठे पेपर जे छापत नाहीत ते आम्ही छापतो, अशा अर्थानं.

१९६६ मध्ये पाच पेपरांनी मिळून 'अंडरग्राउंड प्रेस सिंडिकेट' काढली: लॉस एंजेलिसचा 'फ्री प्रेस', 'बार्ब', 'ईस्ट व्हिलेज अदर', आमचा 'फिफ्थ इस्टेट' आणि ईस्ट लान्सिंगचा 'द पेपर'. नियम साधा होता. सभासदानं दुसऱ्या सभासदाचं काहीही उचलून छापावं, परवानगी नको, पैसे नकोत. दोन-तीन वर्षांत असे पेपर शेकड्यांनी झाले, त्यामागे हा एक नियम फार मोठा आहे. छोट्या गावातल्या चार मुलांकडे स्वतःचा मजकूर दोन पानांचा असला तरी बाकीची सहा पानं भरायला न्यूयॉर्क आणि कॅलिफोर्निया होतंच.

खरंच लपवावे लागले ते सैनिकांचे पेपर. जेफ शार्लेट व्हिएतनामहून परत आला आणि १९६८ मध्ये शिकागोतून त्यानं 'व्हिएतनाम जीआय' सुरू केला. तो साध्या लिफाफ्यांतून सैनिकांना जायचा. दुसऱ्याच वर्षी शार्लेट कॅन्सरनं गेला, वय सत्तावीस. छावण्यांमध्ये आणि छावण्यांभोवती निघालेले असे पेपर दोनशेच्या वर आहेत. यावर वेगळा प्रकल्प होईल, आत्ता त्यात शिरू नकोस.

एक कामाचं. हे सगळं स्वस्तातल्या न्यूजप्रिंटवर छापलेलं. आमच्याकडचा १९६८ चा एक अंक मी उघडला तेव्हा घडीच्या रेषेवर तो बिस्किटासारखा तुटला, हातमोज्यांना तपकिरी भुगा लागला. सिंडिकेटनं त्या काळातच मायक्रोफिल्म करून ठेवली म्हणून पुष्कळसं वाचलं. आता 'इंडिपेंडंट व्हॉइसेस' या संग्रहात शेकडो अंक घरबसल्या फुकट बघता येतात. मूळ पानं बघ. पुस्तकातले उतारे वाचून हे पेपर कळत नाहीत.

खिळेवाला_कोल्हापूर

मृण्मयी, तुझ्या सरांचं वाक्य बरोबर आहे, पण ते लिहून पुढं जाण्यासारखं नाही. सगळी गोष्ट त्या वाक्याच्या पोटात आहे.

मी १९७१ साली चौदाव्या वर्षी छापखान्यात लागलो, जुळारी म्हणून, म्हणजे खिळे (शिशाची सुटी अक्षरं) जुळवणारा. पुढं १९८४ मध्ये मुंबईहून वापरलेलं एकरंगी ऑफसेट आणून स्वतःचा छापखाना काढला. खिळे, ट्रेडल, सिलिंडर, ऑफसेट, सगळं या हातांनी केलंय. त्यामुळं मशीनच्या बाजूनं सांगतो.

खिळ्यांच्या छपाईत एकेक अक्षर शिशाचं. इंग्रजीवाल्यांचं काम थोडं सोपं, त्यांच्याकडं अख्खी ओळ ओतून देणारं लायनोटाइप होतं. पण ते मशीन अवजड, आणि ते चालवणारा पगारी, बहुतेक वेळा युनियनचा. चित्र हवं असलं तर जस्ताचा ब्लॉक करून आणायचा, त्याचे पैसे वेगळे. मग हे सगळं लोखंडी चौकटीत ठेवून पाचरींनी आवळायचं. नीट आवळलं नाही तर फॉर्म, म्हणजे ती आवळलेली चौकट, उचलताना मधली अक्षरं खाली सांडतात. माझ्या हातून पहिल्या वर्षी अख्खी लग्नपत्रिका सांडली होती आणि दोन दिवस मी खिळे वेचत होतो. म्हणून त्या छपाईत तिरकं काही करायला कोणी धजत नाही. ओळ आडवी, कॉलम उभा, चित्र चौकोनी. जुने पेपर शिस्तीत दिसतात, कारण शिसं दुसऱ्या कुठल्या तऱ्हेनं उभंच राहत नाही.

ऑफसेटमध्ये पान म्हणजे फोटो. एका पुठ्ठ्यावर टाइप केलेल्या पट्ट्या चिकटवायच्या, मधे चित्र काढायचं, मथळा हातानं रंगवायचा, समासात वेलबुट्टी काढायची. मग मोठ्या कॅमेऱ्यानं त्या पुठ्ठ्याचा फोटो, फोटोच्या निगेटिव्हवरून पातळ पत्र्याची प्लेट, आणि प्लेट मशीनवर. पुठ्ठ्यावर काय चिकटवलंय याच्याशी कॅमेऱ्याला देणंघेणं नाही. मजकूर गोल फिरवा, अक्षरांतून बाई काढा, बाईच्या केसांतून अक्षरं काढा, कॅमेरा म्हणतो चालेल. ते पेपर तसे दिसतात ते काही सगळं नशेपायी नव्हे. पहिल्यांदाच लिहिणाऱ्याच्या आणि चित्र काढणाऱ्याच्या हातात थेट पान आलं होतं, मधला जुळारी उठून गेला होता. मी स्वतः जुळारी, तरी सांगतो, मोठी गोष्ट झाली ती.

आता पट्ट्या कशावर टाइप करायच्या? आयबीएमचा सिलेक्ट्रिक टाइपरायटर १९६१ मध्ये आला. त्यात अक्षरांच्या काड्या नव्हत्या, एक गोळा होता, तो बदलला की टाइप बदलला. कॉलमची उजवी कड सरळ हवी तर काहीजण तीच ओळ दोनदा टाइप करायचे. पहिल्यांदा किती जागा उरते ते मोजायचं, दुसऱ्यांदा ती शब्दांमधे वाटून टाकायची. रात्रभर बसून चार पोरं हे करायची. खर्च फक्त चहा-कॉफीचा.

आणि तुझा मुख्य प्रश्न, ऑफसेट आधी नव्हतं का. होतं, कितीतरी आधीपासून होतं. पण साठच्या आसपास अमेरिकेतल्या लहान गावांच्या साप्ताहिकवाल्यांनी शिसं काढून टाकून रिळाच्या कागदावर चालणारी वेब ऑफसेट मशीनं घ्यायला सुरुवात केली. आता हिशोब बघ. गावचं साप्ताहिक आठवड्यातून एक दिवस छापायचं. बाकीचे दिवस मशीन उभं, आणि हप्ता तर चालूच. त्यामुळं मालक बाहेरची कामं शोधत होता. कोणी केसाळ पोरगा पुठ्ठे घेऊन दारात आला, रोख पैसे मोजले, तर काही हजार प्रती एका संध्याकाळीत निघायच्या, काहीशे डॉलरांत. लिहिणारे शहरातले, मशीन बहुतेकदा पन्नास-शंभर किलोमीटरवरच्या गावातलं. तुझ्या सरांच्या वाक्यात हे गाव राहून गेलंय.

एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. सॅन फ्रान्सिस्कोचा 'ओरॅकल', ॲलन कोहेन संपादक, सप्टेंबर १९६६ ते फेब्रुवारी १९६८, सगळे मिळून बाराच अंक. त्याची रंगीत पानं बघ. गुलाबी हळूहळू केशरी होतो, केशरी पिवळ्यात उतरतो, कुठं सांधा दिसत नाही. माणसांना वाटतं किती रंगांची छपाई असेल. एकाच फेरीत काढलेलं आहे ते! मशीनची शाईची पन्हळ असते ना, आम्ही डक्ट म्हणतो, तिच्यात आडोसे लावायचे आणि प्रत्येक खणात वेगळी शाई भरायची. रोलर फिरताना थोडे डावी-उजवीकडेही सरकतात, त्यामुळं शेजारच्या दोन शाया कडेला एकमेकींत मिसळतात. मिसळण वाढतच जातं. सकाळची पहिली प्रत आणि दुपारची शेवटची प्रत, दोन्हींत रंग वेगळे. त्या अंकाच्या लाखभर प्रती निघाल्या असतील तर लाखभर वेगवेगळी चित्रं निघाली म्हण.

हे मी बघितल्या बघितल्या ओळखलं, कारण कोल्हापुरात कुस्तीच्या मैदानाची पोस्टरं आम्ही अशीच काढायचो. वर लाल, खाली निळा, मधे आपोआप जांभळा पट्टा, त्यावर दोन पैलवान समोरासमोर. गिऱ्हाईक पैसे एका रंगाचे द्यायचं, रंग तीन मिळायचे. आडोसा म्हणून पत्र्याच्या तुकड्याला मेण लावून बसवायचो. सॅन फ्रान्सिस्कोच्या मशीनमननं काय लावलं असेल, हे त्याला एकदा विचारायची फार इच्छा होती.

आता ज्याच्यासाठी मी लिहायला बसलो ते.

२०१६ मध्ये मुलाकडं पाच महिने मिलवॉकीला होतो. तिथल्या ग्रंथालयात 'कॅलिडोस्कोप' नावाच्या पेपरचे अंक बघितले. १९६७ ते १९७१, मिलवॉकीचा भूमिगत पेपर. संपादक जॉन कोइस. दोन फोटो आणि एका कवितेवरून त्याच्यावर अश्लीलतेचे खटले झाले, दोन वर्षं कैद आणि दोन हजार डॉलर दंड अशी शिक्षा झाली, आणि १९७२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती रद्द केली. हे सगळीकडं लिहिलेलं सापडेल तुला. मी विचारलं, छापत कोण होतं?

विल्यम शॅनेन. मिलवॉकीच्या उत्तरेला चाळीसेक किलोमीटरवर, मिशिगन सरोवराच्या काठी पोर्ट वॉशिंग्टन म्हणून बंदराचं छोटं गाव आहे. तिथं याचं 'ओझॉकी प्रेस' हे साप्ताहिक. आणखी दोन गावांची साप्ताहिकंही त्याचीच. वय पन्नाशीच्या पुढं, प्रतिष्ठित माणूस, हिप्पी वगैरे अजिबात नाही. 'कॅलिडोस्कोप'मधलं सगळं त्याला पटत होतं असंही नाही. काम आलं, त्यानं घेतलं.

१९६९ च्या उन्हाळ्यात तिथल्या एका कारखानदारानं व्यापाऱ्यांना पत्रं धाडली: शॅनेनच्या पेपरात जो जाहिरात देईल त्याच्याकडं मी एक डॉलर खर्च करणार नाही. झालं. किराणावाला गेला, मोटारवाला गेला, बँक गेली. शॅनेनच्या स्वतःच्या साप्ताहिकांत काही वावगं नव्हतं. लग्नाच्या बातम्या, शाळेचे सामने, नगरपालिकेच्या सभा. बहिष्कार त्यांच्यावर पडला, कारण त्याच मशीनवर आठवड्यातून काही तास दुसऱ्या कोणाचा तरी पेपर निघत होता. तीन साप्ताहिकांपैकी शेवटी एकच उरलं.

'कॅलिडोस्कोप'चं काम सोडलं असतं तर बहिष्कार दुसऱ्या दिवशी संपला असता. त्यानं सोडलं नाही. उलट ज्यांना त्यांच्या गावात कोणी उभं करत नव्हतं असे पेपर त्याच्याकडं यायला लागले, शिकागोचा 'सीड'सुद्धा. १९७१ मध्ये तो हृदयविकारानं गेला.

मी मुलाला म्हटलं, मला त्या गावाला ने. रविवार होता, कार्यालय बंद होतं. 'ओझॉकी प्रेस' अजून निघतो. मी काचेला हात लावून आत बघितलं आणि थोडा वेळ तिथंच उभा राहिलो. मुलाला वाटलं बाबांना दम लागला.

दादरकर

काकांचं लिखाण वाचून आनंद झाला. मृण्मयी, तुझ्या प्रकल्पात आपल्याकडच्या अनियतकालिकांचा (ठरावीक वेळ न पाळता निघणाऱ्या छोट्या साहित्यिक अंकांचा) उल्लेख येणार असेल तर 'अमेरिकेच्या लाटेचा परिणाम' असं वाक्य कृपा करून लिहू नकोस. अरुण कोलटकर, दिलीप चित्रे, रमेश समर्थ यांचं सायक्लोस्टाइल केलेलं (मेणकागदावर टाइप करून हातयंत्रावर काढलेलं) 'शब्द' पन्नासच्या दशकाच्या मध्यातलं आहे, म्हणजे लॉस एंजेलिसच्या 'फ्री प्रेस'च्या कितीतरी आधीचं. अशोक शहाण्यांचं 'असो' १९६३ चं. राजा ढाले यांनी 'सत्यकथा' मासिकाची होळी केली ती १९६९ मध्ये, पण तिचं कारण इथलं होतं, मराठी साहित्यातल्या सत्तेचं.

थेट दुवा हवाच असेल तर तो एकच खणखणीत आहे. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली, नाव अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ब्लॅक पँथर या संघटनेवरून घेतलं. आणि ब्लॅक पँथरच्या पेपरचा पहिला अंक, एप्रिल १९६७, कॅलिफोर्नियातल्या रिचमंडमध्ये पोलिसांच्या गोळीनं मेलेल्या डेन्झिल डॉवेल या तरुणाबद्दलचा, तोही सायक्लोस्टाइलच होता. चार पानं.

मृण्मयी_नाशिक

सगळ्यांचे मनापासून आभार. काका, तुमचं उत्तर आईला वाचून दाखवलं. 'ओरॅकल'ची पानं काल रात्री पाहिली, गुलाबीतून केशरी कुठे सुरू होतो ते खरंच सापडत नाही.

दोन शंका. सरकारनं छापखान्यांवर दबाव आणला का, की हे सगळं असं बहिष्कारातूनच व्हायचं? आणि काका, विचारू का नको कळत नाही, पण तुमच्याकडे कधी असं काम आलं होतं का?

ग्रंथपाल_डेट्रॉइट

पहिल्याचं मी सांगते. दोन्ही. डॅलसमध्ये १९६८ साली पोलिसांनी 'नोट्स' या पेपरवर दोनदा छापे घातले आणि टाइपरायटर, कॅमेरेसुद्धा उचलून नेले. ह्यूस्टनमध्ये 'स्पेस सिटी'च्या कार्यालयावर १९६९ मध्ये बॉम्ब पडला, अटलांटात 'ग्रेट स्पेकल्ड बर्ड'चं कार्यालय १९७२ मध्ये पेटवलं गेलं. एफबीआय या केंद्रीय तपास संस्थेनं तर इंडियानात विद्यार्थ्यांच्या नावावर स्वतःच खोटा भूमिगत पेपर काढला, 'आर्मगेडन न्यूज'. पण सगळ्यात लागलं ते पैशाच्या नाडीवर. या पेपरांना मोठ्या जाहिराती मिळायच्या त्या गाण्यांच्या रेकॉर्ड कंपन्यांच्या. जानेवारी १९६९ मध्ये एफबीआयच्या सॅन फ्रान्सिस्को कार्यालयानं वर लिहून कळवलं की कोलंबिया रेकॉर्ड्सला या जाहिराती थांबवायला सांगावं. हे कागद नंतर उघड झाले म्हणून आपल्याला कळतं.

आणि छापखान्याचं महत्त्व त्यांना स्वतःलाही किती वाटत होतं त्याचं एक उदाहरण. 'लिबरेशन न्यूज सर्व्हिस' ही या पेपरांची वृत्तसंस्था होती, मार्शल ब्लूम आणि रे मंगो यांची. ऑगस्ट १९६८ मध्ये तिच्यात फूट पडली, तेव्हा एका गटानं छपाईचं मशीनच न्यूयॉर्कहून उचलून मॅसॅच्युसेट्समधल्या एका शेतावर नेलं, आणि दुसरा गट ते परत आणायला गाड्या भरून तिथे पोचला.

खिळेवाला_कोल्हापूर

मशीनसाठी भांडले, वाचून बरं वाटलं.

आर्ट कुनकिनचंही शेवटी मशीनपाशीच अडलं. १९६९ मध्ये त्यानं अमली पदार्थविरोधी खात्यातल्या ऐंशी अधिकाऱ्यांची नावं छापली. खटले झाले. पुढं तो स्वतःचा छापखाना उभा करायला गेला, कर्जात बुडाला आणि पेपर हातातून गेला. लाखाच्या घरात खप असलेला पेपर होता तो. मशीन घेतलेल्या कोणालाही हे वाचून पोटात कालवतं.

आता तुझ्या दुसऱ्या शंकेचं. विचारलंस ते बरं केलंस.

दोनदा आलं होतं.

पहिल्यांदा १९७६ मध्ये. तेव्हा मी नोकर. आमच्या मालकांचं नाव लिहीत नाही, घरातली माणसं आहेत अजून. एका रात्री त्यांनी मला थांबवून घेतलं. एकच पान होतं, तुरुंगात असलेल्या माणसांची नावं. आपल्याकडं १८६७ च्या कायद्यानं छापलेल्या प्रत्येक कागदावर मुद्रकाचं नाव आणि ठिकाण लागायचं. त्या पानावर ती ओळ नव्हती. मी जुळवलं, प्रूफ काढलं, मालक भिंग घेऊन बसले. मला वाटलं चुका बघतायत. ते तुटके खिळे शोधत होते. आमच्या केसमधल्या (खिळे ठेवायच्या खणांच्या पेटीतल्या) एका 'ळ'ची शेपटी उडालेली होती, एका 'क'ला चीर होती. तसले खिळे आमच्या रोजच्या कामांतही उमटलेले होते, म्हणजे दोन कागद शेजारी ठेवले की छापखाना ओळखता येतो. असे नऊ खिळे त्यांनी चिमट्यानं काढून दुसरे घालायला लावले. तीनशे प्रती काढल्या. उजाडायच्या आत फॉर्म रॉकेलनं धुतला, मोडला, एकेक खिळा परत आपापल्या घरात टाकला. सकाळी त्याच केसमधून मी बारशाचं निमंत्रण जुळवलं. मालकांनी मला त्याबद्दल कधी एक शब्दही सांगितला नाही आणि मीही विचारला नाही.

दुसऱ्यांदा १९८९ मध्ये. तेव्हा मालक मीच. जवळच्या एका साखर कारखान्याची कामं माझ्याकडं होती, त्यात उसाच्या काट्याच्या पावत्यांची पुस्तकं. वर्षाचं निम्मं उत्पन्न तेवढ्यावर. एक पोरगा आला, विशीतला असेल, पायात चपला, हातात वहीची फाडलेली पानं. काटा मारतात, म्हणजे वजनात चोरी होते, त्याबद्दल चार पानी पत्रक काढायचं होतं. तारखा होत्या, गाडीवानांनी बाहेर वजन करून आणलेले आकडे होते. नीट लिहिलेलं होतं. पैसेही रोख आणले होते, सुट्टे, रुमालात बांधून.

मी म्हटलं, मशीन बंद आहे. आतल्या खोलीत मशीन चालू होतं, आणि तो आवाज त्याला ऐकू येत होता. तो म्हणाला, बरं काका. पानं घडी करून खिशात ठेवली आणि गेला.

त्यांनी ते सायक्लोस्टाइल करून काढलं. आठवड्यानं एक प्रत माझ्या दारातही पडली होती, अक्षरं फिकी, दोन ओळी शाईत बुडालेल्या. ती मी ठेवली आहे. मी छापलं असतं तर स्वच्छ उठलं असतं. आकडे वाचता आले असते.

पोर्ट वॉशिंग्टनच्या त्या काचेपाशी मी उभा होतो तो हे आठवत. शॅनेनलाही माझ्यासारखीच गिऱ्हाइकं होती, माझ्यासारखेच हप्ते होते. मशीन बंद आहे असं त्यालाही म्हणता आलं असतं.

आता एक काम सांगतो, जमलं तर कर. अमेरिकेत आपल्याकडच्या त्या १८६७ च्या कायद्यासारखा मुद्रकाच्या नावाचा कायदा नव्हता, त्यामुळं या पेपरांवर छापणाऱ्याचं नाव बहुतेक ठिकाणी नसतंच. पण कधीकधी शेवटच्या पानाच्या तळाला, पत्त्याच्या खाली, बारीक टाइपात असतं, किंवा संपादकानं एखाद्या अंकात लिहिलेलं असतं की आमचा छापखाना बदलला, अंकाला उशीर झाला. ग्रंथपालताईंनी सांगितलेल्या संग्रहात पानं बघशील तेव्हा तळाकडं एकदा नजर टाकत जा. 'रॅग' कोण छापायचं, 'बर्ड' कोणत्या गावात निघायचा, सैनिकांचे पेपर कोणी काढून दिले. नावं सापडली तर इथं टाक. मी एक वही केली आहे. तिच्यात आत्तापर्यंत एकच नाव आहे.

मृण्मयी_नाशिक

काका, आज रात्रीपासून 'रॅग' घेते, पहिल्या अंकापासून. १० ऑक्टोबर १९६६.